परबबाईंची आतली शिवण

परवा सुनेबरोबर ठाण्याला मॉलमध्ये गेले होते. तिने एक कुर्ता माझ्या हातात दिला, म्हणाली, "आई, रंग बघा किती छान आहे." मी रंग बघायच्या आधीच कुर्ता उलटा केला आणि आतल्या शिवणीवरून बोट फिरवायला लागले. दुकानातली मुलगी टकामका बघत राहिली. सून हळूच म्हणाली, "आई, घालायचा सुलटा असतो."

"घालायचा सुलटा, घ्यायचा उलटा," मी म्हटलं.

म्हटलं आणि मलाच हसू आलं, कारण आवाज माझा असला तरी वाक्य परबबाईंचं होतं. घरी आल्यावर त्या काही डोक्यातून जाईनात. म्हटलं, लिहूनच काढावं. मला लिहायचं कुणी शिकवलेलं नाही, बोलते तसंच उतरवते. आणि बाईंबद्दल लिहायचं तर त्यांच्या एकटीबद्दल लिहून भागत नाही, त्यांची लेक वैशाली त्यात येणारच. त्या दोघींचं बिघडलं ते एका ब्लाउजवरून, आणि सुधारायची वेळ आली ती एका वीतभर झबल्यावर. आता हे ऐकायला पोरकट वाटेल. पण बाईंच्या घरात सगळं कापडावरूनच व्हायचं, त्याला त्या तरी काय करणार.

आम्ही डोंबिवली पूर्वेला राहायला आलो तेव्हा बिल्डिंगच्या तळमजल्यावर पहिल्याच दारावर पाटी होती, 'शिवणक्लास'. बस्स. नाव नाही, वेळ नाही. नंतर कळलं की पाटी रंगवणाऱ्याने 'परब' जरा तिरकं काढलं म्हणून बाईंनी नाव पुसायला लावलं. ते पुन्हा रंगवायला तो माणूस काही आला नाही.

बाई मूळच्या मालवणकडच्या. उंच, सडपातळ, केस चापून बसवलेले. गळ्यात कायम टेप. भाजीला निघाल्या तरी टेप गळ्यात, एकदा तर कुणाच्या तरी बाराव्याला टेप घालून आल्या होत्या, मी पदराखाली दडवायला लावली. आणि ओठांत टाचण्या. ओठांत टाचण्या धरून माणूस बोलणार किती? त्यामुळे त्यांचं बोलणं तुटक. क्लासमध्ये तर त्यांना एकच शब्द पुरायचा. आपण दुपारभर घाम गाळून परकर शिवलेला असायचा, नाडी ओवायची जागासुद्धा नीट झालेली असायची. बाई तो हातात घ्यायच्या, उलटा करायच्या, आतल्या शिवणीवरून बोट फिरवत न्यायच्या. बोट मध्येच कुठेतरी थांबायचं. मग टाचण्यांमधून वाट काढत शब्द यायचा, "उसव."

मुली पाठीमागे त्यांना उसवबाई म्हणायच्या. बाईंना ते माहीत होतं आणि मला वाटतं, आवडतही होतं.

मी क्लासला बसायला लागले तेव्हा माझी मुलं शाळेत जायला लागली होती. दुपार मोकळी मिळायची. बाकी सगळ्या कॉलेजच्या वयाच्या पोरी, मीच एक थोराड. बाई मला "नलू गो" म्हणायच्या, पण म्हणून सूट काही मिळाली नाही. एक परकर त्यांनी मला इतक्यांदा उसवायला लावला की मी शेवटी म्हटलं, "बाई, आता उसवला तर दोरा नाही, कापडच हातात येईल."

त्यांनी परकर उजेडात धरून बघितला. "हां, विरलाय. दुसरं कापड आण."

एकदा मात्र धीर करून विचारलं. म्हटलं, "बाई, बाहेरून इतकं सुरेख झालंय. आतून कोण बघायला येतंय?"

बाईंनी ओठांतल्या टाचण्या एकेक काढून उशीत खोचल्या. हे त्या क्वचित करायच्या. "बाहेरची शिवण लोकांच्या डोळ्यांना दिसते, नलू. आतली अंगाला लागते. ज्याचं अंग आहे त्याला ती दिवसभर टोचत असते आणि तो कुणाला सांगू शकत नाही." एवढं बोलून टाचण्या परत ओठांत.

मला ते पटलं. आजही पटतं. पण बाई तेवढ्यावर थांबायच्या नाहीत ना. कुठलाही टेलर शिवणीच्या आत बोटभर जास्तीचं कापड सोडतो. त्याला मार्जिन म्हणतात. उद्या अंग सुटलं तर तेवढं उसवून कपडा सैल करता येतो. बाई ते कापड कात्रीने शिवणीच्या अगदी लगत कापून टाकायच्या. त्यांचं म्हणणं, आत जाड होतं, घाण दिसतं, आणि माप नीट घेतलं असेल तर सोडायचंच कशाला. "मार्जिन म्हणजे आपण चुकणार हे आधीच कबूल करून ठेवणं," म्हणायच्या. आता माप त्या कधी चुकल्या नाहीत हे खरं. पण माणसं चुकतात हो. बाळंतपणं होतात, दिवाळ्या होतात. बाईंचे ब्लाउज असे बसायचे की बायका आरशासमोरून हलायच्या नाहीत, आणि वर्ष-दीड वर्षात तेच ब्लाउज कपाटाच्या तळाशी जायचे.

ती कात्रीसुद्धा एक प्रकरणच होतं. कापडाची कात्री वेगळी, फ्लॅनेलच्या पिशवीत घातलेली, आणि पिशवी बाईंच्या कमरेला. तिने कागद कापायचा नाही, दोरा कापायचा नाही, आणि बाईंशिवाय कुणी तिला हात लावायचा नाही. वैशालीनेसुद्धा नाही.

परबकाका कल्याणजवळ मोहन्याला एका कारखान्यात होते. अगदी शांत माणूस, पण आतून खवचट. बायको शिवणक्लास चालवते आणि हे आपले कायम रेडिमेड शर्टात. मला राहवलं नाही, एक दिवस विचारलंच.

"माझा शर्ट शिवायला टाकलाय की," काका म्हणाले.

"कधी?"

"वैशू चालायला लागली तेव्हा."

मी हे विचारलं तेव्हा वैशू दहावीला होती. आतून बाईंचा आवाज आला, "कॉलर बसत नाहीये अजून."

"बसू दे, बसू दे," काका म्हणाले. "मी कुठे निघालोय."

आणि मेघनाच्या लग्नाची गोष्ट तर आमच्या बिल्डिंगमध्ये अजून सांगतात. तिसऱ्या मजल्यावरच्या जोश्यांची मेघना. शालूवरचा ब्लाउज बाईंकडे. लग्न कल्याणच्या हॉलमध्ये. आदल्या दिवशी ब्लाउज झाला नव्हता, सकाळी निघताना झाला नव्हता, हॉलवर गौरीहराला बसायच्या आधी कसाबसा मेघनाच्या अंगावर चढला. सगळ्यांनी हुश्श केलं. मेघना अंतरपाटामागे उभी राहिली, मंगलाष्टकं सुरू झाली, आणि मी बघते तर पाठीमागे मामाच्या बाजूला परबबाई. हातात सुई. पाठीवरचा एक हुक दोराभर वर गेला होता म्हणे.

"मामा, जरा सरका," बाई म्हणाल्या. "उजेड अडतोय."

मामा सरकले. काय करतील बिचारे? भटजींनी 'सावधान' म्हटलं, चहूबाजूंनी अक्षता पडल्या, त्यातल्या निम्म्या बाईंच्या डोक्यावर, आणि बाई वाकून दाताने दोरा तोडतायत. त्या लग्नाच्या अल्बममध्ये हार घालतानाचा फोटो आहे, त्यात मेघनाच्या पाठीशी एक हात दिसतो, नुसता हात आणि सुई. तिच्या सासरची माणसं म्हणे अजून विचारतात, हे कोण?

हसण्यावारी न्यायचं ते एवढंच. पुढचं नाही.

वैशालीच्या हातात लहानपणापासून गती होती. आईसारखी बारीक नजर नाही, पण हात झरझर चालायचा. बाई बाजारात गेल्या की ही मशीनवर बसायची. कॉलेजच्या पहिल्या वर्षाला असताना तिने दिवाळीसाठी आईला ब्लाउज शिवला, गुपचूप. आईच्याच जुन्या ब्लाउजवरून माप घेतलं, कापड स्वतः आणलं, कात्रीसुद्धा माझ्याकडून नेली, आईची नको म्हणून. दिवाळीच्या सुट्टीआधीचा क्लासचा शेवटचा दिवस होता. आम्ही सगळ्या बसलो होतो. वैशालीने घडी केलेला ब्लाउज आईच्या पुढे धरला. "आई, हा तुला. मी शिवलाय."

बाईंचा चेहरा असा फुलला. मी डोळ्यांनी बघितलाय तो. इतकी वर्षं दुसऱ्यांना शिवणाऱ्या बाईला कुणी काही शिवून दिलं नव्हतं. पण चेहरा फुललेला असतानाच हातांनी आपलं काम सुरू केलं. ब्लाउज उलटा झाला. बोट शिवणीवरून निघालं. आम्ही सगळ्या मनातल्या मनात म्हणत होतो, नको बाई, आज नको. बोट मुंढ्यापाशी, म्हणजे बाही जोडतात तिथे, थांबलं.

"मुंढा उसव," बाई म्हणाल्या. वाईट आवाजात नाही हो. अगदी मायेने म्हणाल्या. त्यांच्या मते ती मायाच होती.

वैशाली खाली बसली आणि उसवायला लागली. एक मुंढा उसवला. मग दुसरा. मग खांद्याची शिवण, मग टक्स, मग हुकाची पट्टी, मग गळा. सगळा ब्लाउज सुटा झाल्यावर तिने तुकड्यांची घडी घातली, मशीनवर ठेवली, "झालं उसवून," म्हणाली आणि आत गेली. त्यानंतर ती त्या मशीनवर बसली नाही. बाईंनी ते तुकडे किती दिवस तसेच मशीनच्या खणात ठेवले होते. मी एकदा म्हटलं, "बाई, तुम्हीच शिवून घाला ना." त्या म्हणाल्या, "मी शिवला तर माझाच होईल ना गो तो."

पुढे वैशालीचं लग्न झालं, ती इथून जवळच, दिवा स्टेशनपाशी, दिव्याला गेली. नवरा संदीप चांगला मुलगा. तिथे तिने जिन्याखालचा एक चिमुकला गाळा घेतला आणि शिवणकाम सुरू केलं. फॉल-पिको, अल्टरेशन, नाइट्या. दिव्याची माणसं सकाळी कामाला जाताना कपडा टाकून जातात, संध्याकाळी परतताना घेऊन जातात, तिथे कॉलर बसेपर्यंत थांबायला वेळ कुणाला? तिचं उत्तम चाललं. बाई मात्र कुणी विचारलं की सांगायच्या, "नाइट्या शिवते," आणि अशा आवाजात की समोरच्याने पुढे काही विचारू नये. गाळ्यावर त्यांनी पाय ठेवला नाही.

भांडण म्हणाल तर नव्हतं. गणपतीला वैशाली यायची, दिवाळीला यायची. दोघी समोरासमोर बसायच्या.

"पाणी येतं का?" बाई विचारायच्या.

"येतं. एक दिवसाआड."

"बरं."

मग चहा. दोघींना ज्या एका विषयावर बोलता आलं असतं तोच बंद झालेला, मग राहिलं काय तर दिव्याचं पाणी.

वैशालीला मुलगा झाला, उशिराच झाला, आरव. मी बघायला गेले तेव्हा त्याला मांडीवर थोपटत ती म्हणाली, "काकू, ह्याचं बोरन्हाण तिकडे, आईकडे करायचं माझ्या मनात आहे. झबलं तिनेच शिवावं."

मी म्हटलं, "अगं, ती किती आनंदाने शिवेल."

"आनंदाने शिवेल हो. वेळेत शिवेल का?" ती हसली, पण मग हसायची थांबली. "तिला एवढंच सांगा. वेळेत झालं तर तिकडे करू. नाही झालं तर मी इथेच रेडिमेड घालून उरकते. आणि मग मी पुन्हा तिच्याकडे काही मागणार नाही. मागायला मला एवढी वर्षं लागली, काकू."

मी निरोप जसाच्या तसा सांगितला, शेवटच्या वाक्यासकट. बाईंनी उठून कपाटातून काळं मऊ कापड काढलं, जणू आधीच आणून ठेवलेलं होतं.

मार्गशीर्षात एका दुपारी वैशाली आरवला घेऊन आली आणि बाईंनी माप घेतलं. झोपलेल्या बाळाचं माप घेताना त्या श्वाससुद्धा बेताने घेत होत्या. काळ्यावर पांढरे बारीक ठिपके भरायचे, हलव्यासारखे, असं ठरलं. पौष लागेपर्यंत झबलं झालं. मी बघितलं, इतकं गोड की खावंसं वाटावं. दुसऱ्या दिवशी गेले तर गळा उसवलेला. ठिपके एका ओळीत नाहीत म्हणे. मग ठिपके सरळ झाले तर पाठ उसवली. तेव्हा बाईंच्या डोळ्यांत मोतीबिंदू वाढायला लागला होता. त्या सांगत नव्हत्या, पण मला कळत होतं, कारण सुई ओवायला त्या मला खाली बोलवायच्या. डोळ्याला दिसेना तशी बोटाची तपासणी आणखी कडक झाली.

"बाई, आहे तसं द्या," मी म्हटलं.

"आहे तसं?" त्या म्हणाल्या, जणू मी पोराला उघडं पाठवा म्हटलं होतं.

काका पेपरातून म्हणाले, "त्याच्या मुंजीपर्यंत होईल, नलिनीताई, तुम्ही काळजी करू नका."

संक्रांत आली आणि झबलं सुटं पडलेलं. बाईंनी मला फोन करायला लावला. बोरन्हाण रथसप्तमीपर्यंत चालतं, सगळ्यांना माहीत आहे, तेच मी वैशालीला सांगितलं. ती म्हणाली, "ठीक आहे. पण त्याच्यापुढे नाही हां, काकू."

रथसप्तमीला बाईंची खोली भरून गेली. सतरंजीवर बिल्डिंगमधली सगळी कार्टी दाटीवाटीने बसलेली. परातीत बोरं, कुरमुरे, हरभरे, उसाचे तुकडे, गोळ्या. वैशाली काळी साडी नेसून आलेली, हलव्याचे दागिने डब्यात. आणि बाईंनी आतून झबलं आणलं.

खरं सांगते, तसं काम मी पुन्हा बघितलं नाही. ठिपके असे, की हलवा सांडलाय असं वाटून कुणी वेचायला जावं. वैशालीने हातात घेतलं आणि काय केलं असेल? उलटं केलं. आईसारखंच बोट फिरवलं. "आई," ती म्हणाली, "काय काम केलंयस गं." बाई नुसत्या टेपशी चाळा करत राहिल्या.

मग ती झबलं घालायला लागली. एक हात गेला. दुसरा जाईना. पाठ कशीबशी ओढली तर दोन्ही कडांमध्ये चार बोटं अंतर. मार्गशीर्षात माप घेतलेलं पोर पेज खाऊन बाळसं धरून आलं होतं. ओढाओढीने आरव किंचाळून रडायला लागला. वैशालीने घाईघाईने शिवण उलटून बघितली, सैल करायला काही मिळतंय का. आत काहीच नव्हतं. अगदी लगत कापलेलं.

"काहीच सोडलं नाहीस आत," वैशाली म्हणाली.

बाई उभ्या होत्या तशाच उभ्या. एवढी उंच बाई, पण त्या क्षणी लहान दिसली मला. मागून कुणीतरी म्हणालं, "माझ्या नातीचा काळा फ्रॉक आहे, आणू का?" एक पोरगं म्हणालं, "बोरं कधी?" वैशालीने आपली पिशवी ओढली आणि त्यातून एक पाकीट काढलं. प्लॅस्टिकमध्ये काळं रेडिमेड झबलं. ती तयारीने आली होती. आम्ही ते बघितलं, बाईंनीही बघितलं, दिसत नव्हतं तरी तेवढं त्यांना दिसलं. मला वाटलं, संपलं. आता हे घालतील, बोरं ओततील, चहा होईल, पाणी येतं का विचारतील, आणि ही जी जाईल ती गेलीच.

वैशाली पाकीट हातात धरून आईकडे बघत राहिली. पाकीट तिने खाली ठेवलं. आरवला माझ्याकडे दिलं.

"आई, कात्री," ती म्हणाली.

बाईंचा हात कमरेकडे गेला आणि तिथेच थांबला. काका पुढे सरकल्यासारखे झाले. मग बाईंनी फ्लॅनेलची पिशवी सोडली, कात्री काढली आणि मुठीकडची बाजू लेकीच्या हातात दिली.

वैशालीने झबल्याची पाठ उभी कापली. मग स्वतःच्या साडीचं आतलं टोक ओढून काढलं, निऱ्यांच्या खाली जातं ते, आणि त्यातून एक पट्टी फाडली. तडक मशीनवर बसली. मशीनला कुणाच्या तरी ब्लाउजचा पोपटी दोरा होता.

"दोरा बदलू?"

"पोर रडतंय," बाई म्हणाल्या. "असू दे."

ती मशीन चालवताना किती भरभर चालवते हे मी दिव्याला बघितलं होतं, बाई पहिल्यांदाच बघत होत्या. पट्टी लागली. काळ्यावर पोपटी टीप, एका ठिकाणी चांगली वाकडी गेलेली, आणि आत दोन्ही बाजूंना ऐसपैस कापड सोडलेलं. वैशालीने ते उलटं केलं आणि आईच्या पुढे धरलं. दिवाळीला धरला होता ना, तसंच.

बाईंचं बोट शिवणीवरून निघालं. वाकड्या जागी आलं. थांबलं. आम्ही त्या एका शब्दाची वाट बघत होतो. बाईंनी ती जागा उचलून आपल्या गालाला लावली, इकडून तिकडे घासली.

"टोचत नाही," त्या म्हणाल्या. "घाल त्याला."

मग काय विचारता. बोरं ओतली, पोरं तुटून पडली, आरव रडायचा थांबून एक कुरमुरा नाकात घालायला लागला. आणि त्या गोंधळात काकांचा आवाज, "मग माझ्या कॉलरचं काय?"

"टोचत नसेल तर घाला," बाई म्हणाल्या.

गुढीपाडव्याला काका तो शर्ट घालून गुढी उभारायला आले. कॉलरचं एक टोक आकाशाकडे. मी छान दिसतोय म्हटलं, तर म्हणाले, "जरा घाई केली तिने."

बाई बदलल्या-बिदलल्या असं मी म्हणणार नाही. स्वतःचं काम त्या शेवटपर्यंत उसवत राहिल्या. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं तेव्हा डॉक्टरांना त्यांनी टाक्यांबद्दल विचारलं होतं, हल्ली टाका घालत नाहीत म्हटल्यावर त्यांचा डॉक्टरवरचा विश्वास जरा उडाला. पण मशीनच्या खणातले ते ब्लाउजचे तुकडे त्यांनी वैशालीकडे दिले. तिने जोडून दिले. तो ब्लाउज अंगावर दिसला की मी काही बोलायचे नाही, मुंढ्याला अजून एक चुणी पडायचीच. ते झबलं आमच्या बिल्डिंगमध्ये अजून फिरतं, ज्या घरी बाळ असेल त्या घरी. लागेल तसं आतून सैल करतात आणि परत घालतात.

मी त्यांना शेवटचं काम करताना बघितलं ते दिव्यालाच. त्या जायच्या आधीच्या हिवाळ्यात, एक ब्लाउज सैल करून घ्यायला वैशालीच्या गाळ्यावर गेले, तर स्टुलावर परबबाई. गळ्यात टेप, ओठांत टाचण्या, मांडीवर नाइट्यांचा ढीग. शिवून झालेल्या कपड्यांचे दोरे कापायचं काम त्यांनी मागून घेतलं होतं. आठवड्यातून दोनदा यायच्या, संदीप सोडायला-न्यायला.

तेवढ्यात एक मुलगी धापा टाकत आली. "काकू, माझा ड्रेस झाला का? ड्युटीला उशीर होतोय."

बाईंनी ड्रेस उचलला. उलटा केला. बोट फिरायला लागलं आणि कमरेपाशी थांबलं. मी वैशालीकडे बघितलं. तिने मशीन थांबवलीही नाही, मान वर केली नाही. नुसतं म्हणाली, "आई."

"कळलं गो," बाई म्हणाल्या. बोट थोडा वेळ तिथेच घुटमळलं. मग त्यांनी ड्रेस सुलटा केला, झटकला आणि मुलीला दिला. "टोचत नाही. घाल बिनधास्त."

मुलीने आडोशाला तिथेच अंगावर चढवला आणि पळाली. बाई स्टुलावरून वाकून ती गल्लीच्या टोकाला वळेपर्यंत बघत राहिल्या. ओठांतल्या टाचण्या त्यांनी हातात घेतल्या होत्या.

"छान दिसतो ना गो," त्या मला म्हणाल्या. "एवढी वर्षं शिवलं, नलू, पण कपडा चालताना कधी बघितलाच नव्हता."

आणि टाचण्या परत ओठांत धरून त्यांनी ढिगातली पुढची नाइटी उलटी करायला घेतली.